मृत नोंदवलेले त्रैमासिक

३ फेब्रुवारी १९९८. जिवंत १९४, मृत १७१, बेपत्ता ३८.

हे आकडे नियतकालिकांचे आहेत. विद्यापीठाच्या ग्रंथालयात दुसऱ्या मजल्यावर आफ्रिका-अभ्यासाचे दालन आहे आणि त्या दालनात बारा खणांचे एक लाकडी कपाट आहे. आफ्रिकेविषयीच्या, आणि बहुतेक आफ्रिकेतूनच निघणाऱ्या, प्रत्येक मासिकाचे, त्रैमासिकाचे, वार्षिकाचे एक कार्ड त्यात असे. ती कार्डे लिहिणाऱ्या बाईंनी दर महिन्याच्या पहिल्या आठवड्यात अशी बेरीज करून ठेवण्याची सवय एकतीस वर्षे सोडली नव्हती.

बाई मुळात टंकलेखिका म्हणून नोकरीला लागल्या. या दालनात त्यांची बदली झाली तेव्हा कचेरीतल्या मैत्रिणींनी हळहळ व्यक्त केली होती, कारण तिथे वाचक फिरकत नसत आणि पंखा एकच होता. बाईंना मात्र पहिल्याच दिवशी एक गोष्ट लक्षात आली. पुस्तक एकदा येते आणि फळीवर बसून राहते. नियतकालिक येत राहते, म्हणून त्याची वाट पाहावी लागते. ज्याची वाट पाहायची त्याची खबर ठेवायला हवी. म्हणून कार्डावर पहिल्या अंकाच्या तारखेपुढे त्यांनी ‘जन्म’ असे लिहिले. दोन मासिके एकत्र झाली की ‘लग्न’. मासिकाचे द्वैमासिक झाले की ‘तब्येत नरम’. विद्यार्थी त्यांना जन्ममृत्यूबाई म्हणत, आणि हे नाव त्यांच्या कानावर गेले तेव्हा त्यांनी ते दालनाच्या दारावरच्या पाटीवर लावायला हरकत नाही असे कळवले. कुलसचिवांची हरकत निघाली.

मृत्यूची नोंद करण्याचा त्यांचा नियम कडक होता. अंक सहा महिने आला नाही की पहिले पत्र. पुढच्या वर्षी दुसरे. त्याच्या पुढच्या वर्षी तिसरे. त्यानंतर वर्षभरात उत्तर नाही, तरच कार्डाच्या उजव्या कोपऱ्यात तांबड्या शाईची फुली, तारीख आणि सही. तोवर ते कार्ड बेपत्ता या खणात.

“तीन हाका मारायच्या,” त्या नवऱ्याला सांगत. “तीन हाकांना ओ दिली नाही तर घरात कोणी नाही.”

“मला तर तू दोनच मारतेस,” नवरा म्हणे.

“तुम्ही घरात असता हे मला माहीत असतं. ऐकत नाही एवढंच.”

नवऱ्याचा धंदा वजनकाटे दुरुस्त करण्याचा. घराच्या पुढच्या खोलीत त्याचे मेज, त्यावर पितळी वजनांची पेटी आणि तिच्या शेजारी जेवणाचे टेबल. एका बाजूला पारडी, दुसऱ्या बाजूला आमटीची वाटी, अशी त्या घराची मांडणी होती. लेक औषधांच्या दुकानात कामाला होती आणि आईचे नाव पुस्तकावर येणार आहे ही बातमी तिने खोकल्याच्या औषधाबरोबर अर्ध्या गावाला पुरवली होती.

कारण पुस्तक खरोखरच येत होते. विभागप्रमुखांनी तीन वर्षांपूर्वी ठरवले की आफ्रिकेच्या अभ्यासासाठी लागणारी संदर्भसाधने आणि नियतकालिके यांची एक मार्गदर्शिका काढायची: कोणते कोश, कोणत्या सूची, कोणती नियतकालिके, कोणते चालू, कोणते बंद, आमच्याकडे कुठपर्यंतचे अंक. कोश आणि सूची त्यांनी केल्या. नियतकालिकांचा भाग, म्हणजे पुस्तकाचा दोन-तृतीयांश, बाईंच्या कार्डांवरून उतरवला गेला. मुखपृष्ठावर ‘संपादन’ या शब्दापुढे त्यांचे नाव आणि ‘संकलन’ या शब्दापुढे बाईंचे. फेब्रुवारीत तिसरी मुद्रिते तपासून झाली होती. छपाईचे अनुदान ३१ मार्चपर्यंतच वापरता येणार होते आणि बाई ३१ जुलैला निवृत्त होणार होत्या. एकतीस वर्षांच्या कामातून छापील अशी ही एकच गोष्ट मागे राहणार होती. ती बिनचूक असावी, एवढी एकच इच्छा त्यांनी बोलून दाखवली होती.

५ फेब्रुवारीला सकाळी दालनातला सर्वांत वयस्कर विद्यार्थी एक नवे पुस्तक काखेत घेऊन आला. हा गृहस्थ एकसष्ट वर्षांचा, बंदरातल्या नोकरीतून निवृत्त झालेला. खलाशांशी बोलून स्वाहिली शिकला होता आणि आता एका सरोवराकाठच्या मच्छीमारांच्या सहकारी संस्थांवर पीएचडी करत होता. बाकीचे विद्यार्थी त्याला आजोबा म्हणत, आणि वयाने थोड्याच लहान असूनही बाईसुद्धा.

“बाई, मेलेला माणूस लेख लिहितो का?”

“तुमचा प्रबंध बघितला तर लिहीत असावा असं वाटतं, आजोबा.”

“हसा. इकडे या.” त्यांनी पुस्तक उघडून एका तळटीपेवर बोट ठेवले. “हे नाव ओळखीचं वाटतं?”

बाईंना ते नाव चांगलेच ठाऊक होते. सरोवराकाठच्या देशातल्या एका अध्यापक महाविद्यालयातून स्थानिक इतिहासाचे एक त्रैमासिक निघे, त्याचे हे संपादक. आधी चक्रमुद्रित, म्हणजे सायक्लोस्टाइल केलेले, मग छापील. विद्यापीठाशी त्याची ‘अंकाला अंक’ अशी देवाणघेवाण होती: त्यांचा अंक आला की आपल्या विद्यापीठाच्या त्रैमासिकाचा अंक तिकडे जायचा. पैशांचा संबंध नव्हता. १९८८ नंतर अंक येणे थांबले. ओळीने तीन वर्षे तीन पत्रे गेली. १९९२ मध्ये बाईंनी फुली मारली.

“माणूस जिवंत असेल की,” त्या म्हणाल्या. “त्रैमासिक गेलं. हा लेख कुठल्या तरी नव्या नियतकालिकात आलेला दिसतोय. त्याचं नाव वेगळं आहे बघा. आपल्याकडे हे येत नाही.”

“नवं?” आजोबांनी चष्मा कपाळावर चढवला. “नीट वाचा. १९९५. वर्ष चोविसावं, अंक दुसरा. चोवीस वर्षांचं नवं बाळ कुठलं हो?”

बाईंनी वाचले आणि खण ओढला. कार्डावर जन्म १९७२. शेवटचा आलेला अंक: वर्ष सतरावे, अंक चौथा, १९८८. त्यांनी बोटांवर मोजले, मग कागदावर मोजले. १९७२ मध्ये जन्मलेल्याला चोविसावे वर्ष १९९५ मध्येच लागते. नाव बदलले होते, वय बदलले नव्हते.

त्या जिना उतरून तळमजल्यावर टपाल विभागात गेल्या. तिथे खिडकीजवळच्या मेजावर टपालभाऊ बसत. ग्रंथालयात आलेले प्रत्येक पाकीट तेवीस वर्षे त्यांच्याच हातून फुटत होते.

“भाऊ, आफ्रिकेतून आलेला अंक असेल आणि त्याच्या नावाचं कार्ड वर नसेल, तर तुम्ही त्याचं काय करता?”

“भाषा वाचता आली तर वर पाठवतो. नाही आली तर तळघरात. ‘न लागलेले’ म्हणून खोकी आहेत.”

“आणि मग?”

“मग सवडीनं लावायचे. असा नियम आहे.”

“सवड कधी झाली?”

“ताई, नियम तुमच्या सहीचा आहे. सवड पण तुमचीच असणार ना?” टपालभाऊ प्रामाणिकपणे म्हणाले. “मी मात्र प्रत्येकावर आल्याची तारीख टाकलीय हो. एकही चुकवली नाही.”

तळघरात सतरा खोकी होती. चौथ्या खोक्यात, एका भूगोलविषयक वार्षिकाखाली, तो अंक सापडला: पातळ, निळसर वेष्टनाचा, १९८९ सालचा. वर्ष अठरावे, अंक पहिला. टपालभाऊंची तारीख कोपऱ्यात सुवाच्य. आजोबांनी उभ्यानेच संपादकीय वाचायला घेतले आणि वाचता वाचता अर्थ सांगत गेले.

“म्हणतात, मी निवृत्त झालो. महाविद्यालयाला हे त्रैमासिक नको आहे, म्हणून ते माझ्याबरोबर गावी नेतोय. तिथल्या मच्छीमारांना वाचता यावं म्हणून यापुढे स्वाहिलीत निघेल, आणि त्यांना कळेल असं नाव दिलंय. क्रमांक मात्र जुनाच चालू ठेवतो. घर बदललं म्हणून वय बदलत नाही.” आजोबा थांबले. “आणि शेवटी लिहिलंय, जुन्या वाचकांनी कृपया नवा पत्ता लिहून घ्यावा.”

बाई खोक्यावर टेकल्या.

“म्हणजे त्यांनी कळवलं होतं,” त्या म्हणाल्या. “मी तीन पत्रं घातली ती जुन्या पत्त्यावर. त्यांनी एकच घातलं. ते पोचलं.”

तीन पत्रांचा नियम सर्वांना सारखा लागू होता, म्हणून तो न्याय्य वाटत आला होता. परंतु नियम करणाऱ्याच्या मेजापासून टपालपेटी वीस पावलांवर होती, आणि ज्याच्यावर तो चालत होता त्याला टपाल टाकायला अर्धा दिवस होडीतून जावे लागे. शिवाय हाक कोणत्या भाषेत मारायची आणि ओ कोणत्या भाषेत दिलेली चालेल, हे दोन्ही एकाच बाजूने ठरवले होते. दुसऱ्याने उत्तर दिले नाही असे ज्या काळात लिहिले गेले, त्याच काळात ते उत्तर याच इमारतीत येऊन पडत होते, वर्षातून चार वेळा, तारखेसह.

संध्याकाळी घरी बाईंनी हे नवऱ्याला सांगितले. तो एका किराणा दुकानाचा काटा उलगडून बसला होता.

“एक चूक झाली,” त्या म्हणाल्या. “ती ओळ सुधारून घेईन.”

“एकच कशी?” त्याने मान वर न करताच विचारले. “माझ्याकडे काटा आला आणि तो पाव किलोला चुकीचा निघाला, तर दुकानदार काय म्हणतो माहीत आहे? परवाच्या एका गिऱ्हाइकाला कमी पडलं, तेवढं त्याला देऊन टाकतो. अरे बाबा, काटा बिघडलाय. परवापासून नाही, बिघडला तेव्हापासून. सगळीच गिऱ्हाइकं.”

“एकशे एकाहत्तर आहेत हो.”

“मग एकशे एकाहत्तर.”

“तुम्हाला काय जातंय सांगायला!”

“माझं काय जायचंय? तू सांगितलंस म्हणून बोललो. गप्प बसलो असतो तर म्हणाली असतीस, ओ तरी द्यायचीत.”

दुसऱ्या दिवशी बाई विभागप्रमुखांच्या खोलीत गेल्या. विभागप्रमुख विद्वान होते आणि घाईत होते. या दोन गोष्टी त्यांच्यात नेहमी एकत्र असत.

“शुद्धिपत्र जोडू,” ते म्हणाले. “एक ओळ.”

“सर, एक ओळ नाही. काटाच बिघडलाय.” आणि त्यांनी खोक्यांची हकिगत सांगितली.

“किती दिवस लागतील?”

“पंधरा.”

“नऊ देतो. आणि बाई, अनुदान गेलं तर हे पुस्तक माझ्या मुलाच्या लग्नातसुद्धा येणार नाही, आणि तो आत्ता सातवीत आहे.”

नऊ दिवस तळघरात काम चालले. आजोबा वाचत, बाई वर्षाचा क्रमांक आणि जन्मसाल यांची वजाबाकी करत, टपालभाऊ खोकी उचलत आणि प्रत्येक खोक्याबरोबर आपल्या तारखांची तारीफ करत. वजाबाकी जुळली की बाई त्या कार्डाचा कोपरा ब्लेडने हलकेच खरवडत. एका वार्षिकाने फक्त आकार बदलला होता. तेवढ्याने ते ओळखू आले नव्हते. एक मासिक लढाईमुळे शेजारच्या देशात गेले होते आणि तिथून तितक्याच नेमाने निघत होते. एका अर्धवार्षिकाचे संपादन आता पहिल्या संपादकांची मुलगी करत होती आणि तिने वडिलांचे छापखान्याशी असलेले भांडणसुद्धा संपादकीयात चालू ठेवले होते. आजोबा ते वाचून इतके हसले की तळघरात वरून माणूस पाहायला आला. नऊ दिवसांत बारा नियतकालिके जिवंत निघाली. सरोवराकाठच्या त्रैमासिकाचे सगळेच्या सगळे छत्तीस अंक मिळाले.

“झालं?” विभागप्रमुखांनी विचारले. “बारा ओळी. छापखान्यात जाऊ.”

“एकशे एकोणसाठ राहिल्या.”

“त्या खोक्यात नव्हत्या ना?”

“नव्हत्या. खोक्यात आले ते आपल्या नशिबानं आले. जे आपल्याला पाठवतच नाहीत ते मेलेत असं कुणी सांगितलं? मी सांगितलं. मला माहीत नाही, सर. ज्याची खात्री नाही ते मी माझ्या नावानं छापू देणार नाही. नाव काढा हवं तर.”

विभागप्रमुख खुर्चीतून उठले, खिडकीपर्यंत गेले आणि परत आले. “अहो, मग संशोधकानं करायचं काय? चालू कोणतं, बंद कोणतं, हे सांगायलाच पुस्तक आहे. सगळ्याच फुल्या काढल्या तर ती मार्गदर्शिका कसली, ती नुसती यादी!”

हा वाद विद्यापीठाच्या छापखान्यापर्यंत चालत गेला. अंतर सात मिनिटांचे होते. त्या दिवशी वीस लागली. छापखान्यात खिळ्यांच्या खणांमध्ये फोरमन उभा होता, बाह्या कोपरापर्यंत, बोटे काळी. त्याने दोघांचेही ऐकून घेतले.

“म्हणजे एकशे एकोणसाठ फुल्या उपटायच्या,” तो म्हणाला. “एकेक ओळ सैल होणार. सैल झाली की परत आवळायची, परत मुद्रित, परत तुम्ही तपासणार, परत सर भांडणार. एप्रिल उजाडेल.”

“बघा!” विभागप्रमुख म्हणाले.

“मग मी जाते,” बाई म्हणाल्या.

“थांबा ओ बाई. एवढं काय लगेच? मला एक सांगा, फुली म्हणजे ‘बंद’ हे वाचणाऱ्याला कसं कळतं?”

“सातव्या पानावर खुणांचे अर्थ दिलेत.”

“मग एकशे एकोणसाठ ओळींना कशाला हात लावताय? सातव्या पानावरची एक ओळ बदला की. फुली तिथंच राहू द्या, तिला वेगळं काम द्या.” त्याने हात पुसले. “बारा जिवंत निघालेत त्यांच्या फुल्या आज संध्याकाळी काढून देतो. सातव्या पानाची नवी ओळ आत्ता लिहून द्या. लांब लिहू नका, जागा दोन ओळींची आहे.”

बाईंनी तिथेच, कागदाच्या गठ्ठ्यावर वही ठेवून लिहिले: ‘फुली — या अंकानंतरचा अंक आमच्या ग्रंथालयाला मिळालेला नाही. नियतकालिक बंद पडले आहे असे समजू नये.’

विभागप्रमुखांनी ते दोनदा वाचले. “यात न मिळण्याचा दोष आपल्याकडे येतो.”

“येतोच.”

“माझ्या विभागानं सातव्या पानावर कबुलीजबाब द्यायचा म्हणजे!”

“पहिल्या पानावर द्यायचा असेल तर तिथं जागा जास्त आहे,” फोरमन म्हणाला.

विभागप्रमुखांना हसू आले, आणि हसू आल्यावर त्यांना सहीही करता आली. चालत परतताना ते म्हणाले की कोशांच्या भागातही ‘अनुपलब्ध’ हा शब्द त्यांनी बराच सैल वापरला आहे, आणि तो तपासायला हवा. त्यांनी तो तपासला. त्यात त्यांची दोन रविवारची झोप गेली.

२६ मार्चला पुस्तक बाहेर आले. लेकीने मुखपृष्ठ हातात घेऊन डोळे बारीक केले.

“आई, नाव केवढं बारीक छापलंय!”

“दिसतंय ना?”

“चष्मा लावल्यावर.”

“मग चष्मा लाव. पान सात काढ. ते मोठ्या टायपात आहे.”

नवऱ्याने पुस्तक काट्यावर ठेवून वजन केले, आठशे चाळीस ग्रॅम, आणि माल पूर्ण भरल्याचा दाखला दिला.

बाईंनी सरोवराकाठच्या संपादकांना नव्या पत्त्यावर पत्र लिहिले होते. घडलेले सर्व त्यांनी लिहिले, नियम आपल्या सहीचा होता हेही. आजोबांनी त्याचे भाषांतर केले आणि त्यात एकही सारवासारव घातली नाही. जूनमध्ये उत्तर आले. टपालभाऊंनी ते पाकीट स्वतः दोन जिने चढून आणले आणि वाचून होईपर्यंत दारात उभे राहिले.

संपादकांनी लिहिले होते: “आपले पत्र वाचून माझी पत्नी आणि मी खूप हसलो. १९८९ पासून तुमच्या विद्यापीठाचे अंक येईनात, तेव्हा तुमचे विद्यापीठच बंद पडले असे मी माझ्या वहीत लिहून ठेवले होते. तुमच्या नावापुढे मीही रेघ मारलेली आहे. तरी अंक पाठवत राहिलो, कारण पाठवलेले पाकीट कधी परत आले नाही. कोणीतरी ते घेत आहे एवढे कळत होते. आता मी रेघ पुसली आहे. इथल्या शाळेत तुमच्या त्रैमासिकातले आफ्रिकेवरचे लेख शिक्षक वाचून दाखवत असत. आपला करार अंकाला अंक असा होता. छत्तीस अंक पाठवता आले तर शिक्षकांना आनंद होईल.”

“मेल्यावरसुद्धा देत राहिले,” टपालभाऊ म्हणाले.

“आपण मेलो होतो, भाऊ,” बाई म्हणाल्या. “ते नाही.”

देवाणघेवाणीचे कार्ड त्यांनी जिवंत या खणात स्वतः ठेवले, आणि निवृत्तीपूर्वीचे शेवटचे सात आठवडे विद्यापीठाच्या त्रैमासिकाचे जुने अंक जमवण्यात घालवले. विक्री विभागाच्या माळ्यावर चौदा मिळाले. विभागप्रमुखांनी आपल्या घरच्या कपाटातले पाच आणून दिले. आजोबांनी स्वतःचे दोन दिले. अशा एकवीस अंकांचे पार्सल टपालभाऊंनी ३० जुलैला बांधले, त्यावर तारीख टाकली आणि पाठवले. उरलेल्या अंकांच्या प्रती शिल्लक नाहीत. छायाप्रती काढण्यासाठी केलेला अर्ज समितीपुढे आहे.

विद्यापीठाकडून त्या गावाला पंधरा अंक देणे बाकी आहे.